पहिली थाप आणि राहिलेलं भरीत

"मॅडम, चेकिंग झालं असेल तर आता सुरू करायचं का?"

रोहनने माझ्या कानाशी वाकून हे विचारलं, तेव्हा मला गायला लागून चांगली वीस-पंचवीस मिनिटं झाली होती. तोडी रागाचा आलाप चालला होता. खालच्या सप्तकातल्या कोमल धैवतावर मी जीव ओतून उभी होते. डोळे मिटलेले होते. मी नुसतीच मान हलवून नाही म्हटलं. त्याचा अर्थ त्याने असा काढला की चेकिंग अजून झालेलं नाही. त्याने साउंडवाल्याला खूण केली, साउंडवाल्याने कुठलंतरी बटण वर सरकवलं आणि हॉलभर फीडबॅकची शिट्टी घुमली. तेवढ्या एका क्षणी सगळ्या श्रोत्यांनी माझ्याकडे लक्षपूर्वक पाहिलं.

चूक रोहनची नव्हती. मी ध्रुपद गाते. हल्ली शास्त्रीय गाणं म्हणून जे कानावर पडतं तो बहुधा ख्याल असतो. ध्रुपद त्याच्या आधीचं. त्यात सुरुवातीला लांबलचक आलाप असतो. आलापाला ना ताल, ना गाण्याचे शब्द. री, ना, नोम, तोम अशा अक्षरांवर एकेक सूर घोळवत अगदी खालून वर चढत जायचं. पखवाजवाला शेजारी बसलेला असतो, पण वाजवत नाही. आलाप संपतो, बंदिश सुरू होते आणि तेव्हा कुठे पखवाजावर पहिली थाप पडते. तोवर नवख्या माणसाला वाटतं की बाई अजून घसाच साफ करताहेत. माझे यजमान म्हणतात, तू आलाप सुरू केलास की मी जळगावहून धुळ्याला जाऊन परत येतो. ते खरोखर गेले नाहीत कधी, पण एकदा पिशवी घेऊन भाजी मात्र आणून झाली होती.

तर त्या दिवशी मी तोडी गात होते ती कुठल्या संगीत सभेत नव्हे. ती एक भरीत पार्टी होती. आणि त्या पार्टीवर माझा क्लास राहणार की जाणार हे ठरायचं होतं.

अमळनेरच्या बाहेर प्रकाशभाऊंची एक बंद पडलेली जिनिंग आहे. जिनिंग म्हणजे कापसातून सरकी काढायचा कारखाना. भाऊंचे पूर्वज राजस्थानातून आले आणि कापसाच्या व्यापारात इथलेच झाले. यंत्रं केव्हाच विकली गेली. राहिला तो कापसाच्या गाठी रचायचा मोठा हॉल. उंच छप्पर, जाड भिंती, खाली शहाबादी फरशी. तिथे सा लावला की तो लगेच विझत नाही, छपराला लागून थोडा वेळ रेंगाळतो. ध्रुपदाला एवढंच हवं असतं. जळगावच्या माझ्या फ्लॅटमध्ये खालचा सा लावला की वरच्या मजल्यावरचा मिक्सर त्यात मिसळतो, आणि मिक्सरचा सूर माझ्यापेक्षा स्थिर असतो.

त्या हॉलमध्ये मी बरीच वर्षं दर रविवारी शिकवते. भाऊंनी कधी भाडं घेतलं नाही. पाच विद्यार्थी आहेत. चाळीसगावचा रेल्वेतला एक जण, दोंडाईच्याचा एक औषधविक्रेता, अमळनेरच्या एक शिक्षिका आणि कॉलेजच्या दोन मुली. एसटी, रेल्वे, जे मिळेल त्याने येतात. पाच म्हणजे काही फार नव्हेत हे मलाही कळतं. पण माझ्यामागे खान्देशात हे गाणारं कोणी असेल तर याच पाचांतून असेल, आणि त्यांना तोंड उघडायला दुसरी जागा नव्हती.

भाऊंचा मुलगा रोहन पुण्याहून शिकून परतला. गुणी मुलगा. त्याने हॉल पाहिला आणि त्याला त्यात दोन बॅडमिंटन कोर्टं दिसली. छप्पर उंच, फरशी सपाट, अजून काय हवं? त्याचं म्हणणं चुकीचं नव्हतं, आणि म्हणूनच मला जास्त राग आला. भाऊंनी मला बोलावून घेतलं. चहा दिला, घरच्यांची चौकशी केली आणि मग मुद्द्यावर आले.

"अक्का, आम्ही व्यापारी माणसं," ते म्हणाले. "माल चांगला आहे असं तुम्ही म्हणता. असेल. पण गिऱ्हाईक आहे का, ते एकदा दिसू द्या. आमच्या भरीत पार्टीत गा. माणसं शेवटपर्यंत बसली तर हॉल तुमचा. उठून गेली तर रोहनचा."

मी हो म्हणून बसले. बाहेर आल्यावर माझ्या लक्षात आलं की मी काय कबूल केलं होतं.

भरीत पार्टी ही आमच्याकडची हिवाळ्यातली गोष्ट आहे. शेतातली लांबट हिरवी-पांढरी वांगी, कपाशीच्या वाळक्या काड्या पेटवून त्या जाळावर भाजायची. सालं काढायची आणि गर लाकडी पात्रात घालून मुसळासारख्या दांड्याने ठेचायचा. मिरची, कांद्याची पात, शेंगदाणे, वर फोडणी. सोबत पुऱ्या नाहीतर कळण्याची, म्हणजे ज्वारी-उडदाच्या पिठाची भाकरी. भाऊंच्या पार्टीला कापूस घालणारे शेतकरी, दलाल, दुकानदार असे सगळे सहकुटुंब येतात. ते भरतासाठी येतात. त्यांना आलाप वाढायचा होता आणि तोही जेवणाच्या आधी.

मी धुळ्याला फोन केला. माझ्याबरोबर पखवाजाला सुधाकरराव असतात. बँकेतून रिटायर झालेले, हात अजून तरुण. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि आलाप दहा मिनिटांत आटपायचा सल्ला दिला. आलापात आपल्याला नुसतं बसून राहावं लागतं हेही त्यामागे असावं असा मला संशय आहे. विद्यार्थिनींचं मत पडलं की सरळ एखादं भजन म्हणावं, लोक टाळ्या तरी धरतील. मी दोन्ही नाकारलं. हॉल ध्रुपदासाठी हवा आणि तो मिळवायचा ध्रुपद न गाता, हे काही मला पटेना. सुधाकरराव म्हणाले, "ठीक आहे अक्का, पण हॉल गेला तर मला दोष देऊ नका, मी तर वाजवलेलंच नसेल."

कार्यक्रम रविवारी सकाळी दहाला होता. आम्ही पोचलो तेव्हा मागच्या अंगणात जाळ पेटला होता आणि धूर खिडक्यांतून हॉलमध्ये येऊन बसला होता, श्रोत्यांच्या आधी. मी घशाला जपत एका कोपऱ्यात तानपुरे लावून घेतले. सुधाकररावांनी पखवाज काढला आणि रोहनला सांगितलं, थोडी कणीक हवी.

हे जरा समजावून सांगायला हवं. तबल्याच्या तोंडावर काळी शाई कायमची बसवलेली असते. पखवाजाच्या डाव्या तोंडावर मात्र दर वेळी भिजवलेल्या कणकेचा गोळा थापतात. त्यानेच तो खर्जाचा, पोटात उतरणारा आवाज येतो. वाजवून झालं की कणीक खरवडून काढायची. रोहनला यातलं काही माहीत नव्हतं. पाहुणे भुकेले आहेत असं समजून त्याने आधी फराळाची बशी पाठवली. मग खुलासा झाल्यावर पुऱ्यांच्या पिठातला एक गोळा आला. त्यात तेलाचं मोहन, ओवा आणि मीठ होतं. सुधाकररावांनी तो बोटाने दाबून पाहिला आणि इतकंच विचारलं की पखवाज तळायचाय का.

तेवढ्यात नाना आले. भिकानाना म्हणजे भाऊंच्या पार्टीचे भरीतवाले. सत्तरीचे, खांद्यावर रुमाल, हात कोपरापर्यंत वांग्याच्या काजळीने काळे. भाजणारे, सोलणारे, ठेचणारे गडी वेगळे असतात, पण मीठ-मिरचीचा अंदाज फक्त नानांचा. ते घातल्याशिवाय पात्र पुढे सरकत नाही. नानांनी हात धुऊन ताजी, नुसत्या पाण्यात भिजवलेली कणीक आणली होती.

"पुरीनी कणीक चालस नही," ते म्हणाले. "आम्हना भजनी मंडळमा बी पखवाज शे." मग सुधाकररावांकडे वळून पखवाज कधी वाजणार ते विचारलं, "कव्हय वाजी?"

"बसा नाना, येळ लागी," सुधाकरराव म्हणाले. ते धुळ्याचे, त्यामुळे उत्तरही अहिराणीतच गेलं.

नाना दाराजवळ शेवटच्या गादीच्या टोकाला टेकले. एक थाप ऐकतील आणि जातील असं मला वाटलं. पुढे मी त्यांना विसरून गेले.

मी सुरू केलं. सुरुवातीची दहा मिनिटं लोक फार सभ्यपणे बसले होते. त्यानंतर चुळबुळ सुरू झाली. एका दलालाने मोबाइल काढला, दुसऱ्याने त्यात डोकावलं. बायकांच्या बाजूला मुलांना पाणी पाजायची लाट आली. मग रोहन येऊन तो चेकिंगचा प्रश्न विचारून गेला, मग ती शिट्टी झाली. त्यातून सावरून मी पुन्हा धैवत धरते न धरते तोच मागून आवाज सुरू झाला. ठक, ठक, ठक. वांगी ठेचायला लागले होते.

आलापाला ताल नसतो, हे मी मघाशी सांगितलं. गायकाने आपल्या श्वासाप्रमाणे पुढे सरकायचं असतं. आता मागच्या अंगणातून मला ताल मिळायला लागला. दोन दांडे होते आणि दोघांचं आपसात जमत नव्हतं. ते कानावर पडू नये असा मी प्रयत्न केला. तो जितका केला तितकं ते स्पष्ट ऐकू यायला लागलं. हॉलचा तो सुंदर घुमारा त्यांच्याही कामी येत होता. सुधाकररावांचा उजवा हात मांडीवर आपोआप चालायला लागला, तेव्हा मी डोळे वटारून तो थांबवला. समोरच्या माणसांच्या चेहऱ्यावर मात्र पहिल्यांदा उत्सुकता दिसली. आवाज येतोय म्हणजे आता भरीत होणार. दोघे-तिघे तर उठायच्या बेतात गुडघ्यावर आले. मी मनातल्या मनात माझ्या हॉलमध्ये जाळी बांधली, शटलकॉक उडताना पाहिलं. खरं सांगते, भीती वाटली.

मग मी एक केलं. घाबरून गाणं उरकायला घेतात तसं न करता आणखी खाली गेले. माझ्या आवाजाला जिथवर खाली जाता येतं तिथवर. त्याला हुशारी म्हणता येणार नाही, निव्वळ हट्ट होता. हॉल जाणारच असेल तर एकदा त्याच्यात मनसोक्त गाऊन घ्यावं, असा विचार होता.

आणि थोड्या वेळाने ठक ठक थांबली.

मला वाटलं, प्रकाशभाऊंनी थांबवली. मनात त्यांना धन्यवाद दिले. गुडघ्यावर आलेली माणसं परत टेकली. सूर आता एकटाच छपराला लागत होता. मी हळूहळू वर चढले, आलापाची गती वाढवली आणि शेवटी बंदिश धरली. सुधाकररावांनी इतका वेळ साठवलेली थाप दिली. हॉल खालपासून थरारला. झोपलेली दोन मुलं जागी झाली. बारा मात्रांच्या चौतालात आम्ही दोघे मग मजेत भांडलो. संपलं तेव्हा एकही माणूस उठून गेलेला नव्हता. टाळ्या झाल्या, आणि त्या सुटका झाल्याच्या टाळ्या आहेत असं मला तरी वाटलं नाही.

प्रकाशभाऊ पुढे आले. त्यांनी माइक हातात घेतला आणि जाहीर केलं की कबूल केल्याप्रमाणे हॉल अक्कांकडेच राहील. माझ्या विद्यार्थ्यांनी परत टाळ्या वाजवल्या. मी नम्र चेहरा केला. नम्र चेहरा करायची सवय असते आम्हा गाणाऱ्यांना.

"पप्पा, एक मिनिट," रोहन म्हणाला. तो मागच्या अंगणात जाऊन आला होता. "हे लोक गाण्यासाठी बसले नाहीत. भरीतच झालेलं नाही. उठून जाणार कुठे?"

माणसं मोकळेपणाने हसली. त्यातल्या काहींनी माना डोलावल्या. माझा नम्र चेहरा आता खरा झाला होता. भाऊ गंभीर झाले. सौद्यात खोट निघाली की व्यापारी माणूस तो पक्का धरत नाही. त्यांनी विचारलं, भरीत का झालं नाही? गडी दारात उभे होते, त्यांनी नानांकडे बोट दाखवलं. नाना अजून त्याच गादीच्या टोकावर बसलेले होते.

प्रकार असा झाला होता. गड्यांनी पहिलं पात्र ठेचलं. पुढे मीठ-मिरची घालायला नाना हवेत. एक जण बोलवायला आला, नानांनी त्याला हातानेच थांब म्हटलं. तो दारात थांबला. त्याला बघायला दुसरा आला. असं करत सगळे दारात येऊन उभे राहिले आणि मागे वांगी निवांत गार होत बसली.

भाऊंनी नानांना विचारलं, तुम्ही उठून का गेला नाहीत?

"आम्हना मंडळमा ज्यानी कणीक दिधी, तो पयली थाप आयकाशिवाय उठस नही," नाना म्हणाले.

ही त्यांच्या मंडळाची रीत. भजनात पखवाज पहिल्याच मिनिटाला वाजतो, त्यामुळे तिथे ही रीत पाळायला काहीच लागत नाही. नानांनी ती ध्रुपदाला लावली, आणि तासभर अडकले. रोहनचा चेहरा उजळला. म्हणजे नानाही गाण्यासाठी बसले नव्हते, कणकेसाठी बसले होते. माझं उरलंसुरलं अवसान गेलं.

"पण थाप पडल्यावर तरी उठायचं," भाऊ म्हणाले. "थाप पडून बराच वेळ झाला."

नानांनी खांद्यावरचा रुमाल सारखा केला. "उठानं इसरी गऊ, भाऊ. अक्काना आवाज खाले खाले जाये. विहीरमा बादली सोडतस ना, तसा. मी म्हणं, पानी लागस का नही, ते दखूत."

"मग? लागलं का?"

"लागनं," नाना म्हणाले आणि उठून भरताकडे गेले.

माझ्या डोळ्यांत पाणी आलं, ते मी धुरावर ढकललं. इतकी वर्षं गातेय, जाणकारांनी पुष्कळ काही म्हटलंय, पण मी तिथे खाली नेमकं काय शोधत असते हे मला कोणी असं सांगितलं नव्हतं.

प्रकाशभाऊंनी माइक बाजूला ठेवला आणि मुलाला जवळ बोलावलं. "रोहन, इथे बसलेल्या सगळ्यांना आज सुट्टी होती. काम एकाच माणसाला होतं. तोच उठला नाही." मग माझ्याकडे पाहून म्हणाले, "अक्का, सौदा पक्का."

जेवायला तीन वाजले. गार झालेल्या वांग्यांचं भरीत जरा चिवट लागतं, असं बऱ्याच जणांनी मला आवर्जून येऊन सांगितलं. गाण्याबद्दल त्यांतल्या दोघांनीच काही सांगितलं, आणि त्यांतल्या एकाला आवडलेलं होतं. सुधाकरराव सात पुऱ्या खाऊन म्हणाले की आजचा आलाप लांबला, पण या वेळी हरकत नाही. रोहनने पुढे अंगणातल्या पत्र्याच्या शेडखाली एक कोर्ट करून घेतलं. रविवारी आम्ही आत असतो तेव्हा ते बाहेर खेळतात, आणि पॉइंट जिंकला तरी हळू ओरडतात. चांगली मुलं आहेत.

त्यानंतर भाऊंच्या पार्टीत मी दर हिवाळ्यात गाते. रोहनने फक्त एक सुधारणा केली आहे. मीठ-मिरची आधीच मोजून वाटीत काढून ठेवायची, म्हणजे नाना असोत नसोत, काम अडायला नको. पुढच्याच वर्षी नानांनी ती वाटी गड्यांच्या हातात दिली, कणीक सुधाकररावांच्या हातात दिली, आणि सरळ पुढच्या गादीवर येऊन बसले.

शास्त्रीय संगीताची आवड लोकांत कशी रुजवावी, असं मला अधूनमधून विचारतात. शाळांपासून सुरुवात करावी असं कोणी सुचवतं, कोणी मोबाइलवरून पोचावं म्हणतं. तेही करून बघावं. माझा अनुभव इतकाच आहे की आधी स्वयंपाक्याला बसवावं. बाकीचे मग जातील कुठे?